डावीकडून सायकल, भाऊ

भाऊ, तुम्ही गेलात त्याला आता वीस दिवस होतील. रडू येत नाही. थकवा येतो. शाळेतून घरी येते, चप्पल काढते आणि दारातल्या खुर्चीवर तशीच बसून राहते. आई आतून विचारते, काय झालं. काही नाही म्हणते. एका ड्रायव्हरच्या जाण्याने एवढं काय, असं ती बोलत नाही, पण तिला तसं वाटत असावं. तिला तुमची माहिती तेवढीच. एका संध्याकाळी शाळेची पिवळी गाडी गल्लीत आणून माझ्या दोन बॅगा उतरवून देणारा माणूस.

तिथूनच सुरू करते.

मला शाळेच्या गाडीत मुलांसोबत बसायची ड्यूटी लागली तेव्हा मी सक्करदऱ्याला राहत होते. तुमची खोली दिघोरीला होती, उमरेडचं घर शनिवार-रविवारपुरतं. सकाळी तुम्ही रिकामी गाडी घेऊन शहरात यायचात आणि सगळ्यांत आधी मला घ्यायचात. मग मुलं घेत घेत उमरेड रोडवरच्या शाळेत. संध्याकाळी उलटं. शेवटचं मूल उतरलं की गाडीत तुम्ही आणि मी, दहा-बारा मिनिटं. पुढच्या डाव्या सीटवर मी बसायची. आपलं जे काही बोलणं झालं ते सगळं त्या दहा-बारा मिनिटांतलं. आठवड्यातून पाच दिवस, अकरा वर्षं. इतकं मी कोणाशीच बोललेली नाही, आणि त्यातलं निम्मं तरी पोरांच्या विसरलेल्या डब्यांबद्दल होतं.

माझ्या घरात काय चाललं होतं ते मी तुम्हाला कधी सांगितलं नव्हतं. शाळेतही कोणाला नाही. नवरा मारत नव्हता, पीत नव्हता. त्यामुळे सांगायला काही नव्हतंच. तो फक्त बोलायचा नाही. कधी आठ दिवस, कधी महिनाभर. मी केलेला स्वयंपाक ताटात तसाच ठेवून उठायचा. कशाबद्दल राग आहे ते मी शोधत बसायची, आणि सापडलं की दुसरं काहीतरी निघायचं. एवढ्यासाठी कोणी घर सोडतं का, असं मी स्वतःलाच विचारायची. मोठं काही घडलं असतं तर सोडता आलं असतं. घडत नव्हतं.

तिसऱ्या वर्षी, परीक्षा संपल्या होत्या तेव्हा, शेवटचं मूल उतरवून तुम्ही गाडी पुन्हा सुरू केली नाही. स्टिअरिंगवर हात ठेवून समोर बघत म्हणालात, "मॅडम, रागावू नका. लोकं काम करून थकतात. तुम्ही सकाळी घरूनच थकून येऊन राहिल्या. दोन वर्षं झाली, मी पाहून राहिलो. काहून राहता तिथं?"

मला राग आला होता, भाऊ. ड्रायव्हरने हे विचारावं? पण तो प्रश्न विचारणारे तुम्ही पहिले होतात. आई विचारायची, "तो कसा आहे?" बहीण विचारायची, "जमतंय ना?" मी तिथं का राहते, हे कोणीच विचारलं नव्हतं. मी उत्तर शोधायला बसले आणि मला एकही मिळालं नाही. पंधरा दिवसांनी दोन बॅगा घेऊन मी सकाळी स्टॉपवर उभी राहिले. तुम्ही उतरलात, बॅगा उचलून मागच्या सीटखाली सरकवल्या आणि नेहमीसारखी गाडी काढली. दिवसभर त्या शाळेच्या आवारात गाडीतच होत्या. संध्याकाळी शेवटचं मूल उतरल्यावर तुम्ही एवढंच विचारलंत, "मायच्या घरी ना?" मी मान हलवली. मानेवाड्याच्या त्या अरुंद गल्लीत तुम्ही गाडी घातली, ती बाहेर काढायला तुम्हाला किती वेळ लागला ते मी खिडकीतून पाहिलं.

स्टाफरूममधल्या मुली अजून माझ्याकडे येतात. नोकरी सोडू का, साखरपुडा मोडू का, आणखी एक वर्ष थांबू का. मी एकदा सोडलं म्हणून त्यांना वाटतं, मला वेळ कळते. तुमच्या बाबतीत मला काय कळलं ते मी त्यांना सांगत नाही.

दहाव्या वर्षीच्या हिवाळ्यात मला पहिल्यांदा जाणवलं. शाळेच्या फाटकाचा डावा खांब गाडीने घासला. होतं असं. मग डावा आरसा बाभळीच्या फांदीला लागून फुटला. तेही होतं. पण एकदा दिघोरीच्या पुढे डावीकडून एक सायकलवाला सरळ रस्त्यावर आला आणि तुमचा पाय ब्रेककडे गेलाच नाही. मी ओरडले, "भाऊ, सायकल!" तुम्ही ब्रेक दाबलात आणि म्हणालात, "दिसली जी." ती तुम्हाला दिसली नव्हती. मी तुमच्या चेहऱ्याकडेच बघत होते.

मी विचारलं तेव्हा तुम्ही हसलात. लांबच्या ट्रकच्या मागे काय लिहिलंय ते वाचून दाखवलंत, मला चष्मा लावूनही दिसत नव्हतं. लायसनच्या वेळी डॉक्टरसमोर शेवटची ओळ वाचली, असं म्हणालात. ते खोटं नव्हतं. समोरचं तुम्हाला स्वच्छ दिसत होतं. मला तेव्हा माहीत नव्हतं की नजर कडेनेही जाऊ शकते, आणि जाते तेव्हा माणसाला स्वतःला ते कळत नाही. मला वाटलं, वय झालं, लक्ष राहत नसेल.

मग मी बोलू लागले. "डावीकडून सायकल, भाऊ." "डावीकडून ऑटो." "गाय आहे, थांबा." आधी हळू बोलायची, मुलांना कळू नये म्हणून. पण मुलांना काय कळत नाही? आठवड्याभरात त्यांनी त्याचा खेळ केला. डाव्या खिडकीच्या जागेसाठी भांडणं लागली. "काका, डावीकडून म्हैस!" "काका, डावीकडून आजोबा!" जो आधी ओरडेल तो जिंकला. तुम्हीही हसून म्हणायचात, "पाहिली रे बावा, पाहिली." सगळी गाडी खिदळायची. त्या खिदळण्यात मीही हसले आहे, भाऊ. बत्तीस मुलं तुमचा डावा डोळा झाली होती आणि मला ते गोड वाटत होतं.

त्या वर्षी जानेवारीत मी धीर करून म्हटलं की आता पुरे करा. तुम्ही म्हणालात, मार्चपर्यंत. परीक्षा होऊ द्या, मग मीच चाबी देतो. मी मार्चची वाट पाहिली. मार्च आला, गेला. जूनमध्ये नवीन पट्टे मारलेली गाडी घेऊन तुम्ही माझ्या स्टॉपवर हजर. मी चढले आणि डाव्या सीटवर बसले. खरं सांगायचं तर मला बरं वाटलं होतं.

पुढच्या हिवाळ्यात धुकं फार पडलं. उमरेड रोडवरच्या घरांच्या एका लेआउटच्या कोपऱ्यावर दुसरीतली एक मुलगी आजोबांसोबत उभी राहायची. त्या दिवशी तिने दप्तर खाली, रस्त्याच्या कडेला ठेवलं होतं आणि आजोबा तिच्या स्वेटरची बटणं लावत होते. मी मागे एका मुलाला उलटी होत होती म्हणून त्याच्याजवळ गेले होते. डावीकडे बघणारं कोणी नव्हतं. गाडी नेहमीपेक्षा हातभर डावीकडे, रस्त्याच्या कडेत घुसून थांबली. खाली काहीतरी चिरडल्याचा आवाज आला. मी धावत दारात आले. आजोबांनी मुलीला मागे ओढलं होतं, तिचा एक बूट मातीत राहिला होता. दप्तर चाकाखाली होतं. पाण्याची बाटली फुटून पाणी वाहत होतं.

तुम्ही सीटवरूनच विचारलंत, "गोटा होता काय?"

कोणाला खरचटलंही नाही. आजोबा सज्जन, ते म्हणाले की दप्तर आमचंच रस्त्यात होतं. तुम्ही खाली उतरून पाहिलंत आणि चाकाखालचं दप्तर काढून आजोबांच्या हातात दिलंत. मुलांनी त्या दिवशी खेळ खेळला नाही.

संध्याकाळी शेवटचं मूल उतरल्यावर आपलं ते भांडण झालं. भांडण म्हणजे, मी बोलत होते आणि तुम्ही ऐकत होतात. मी म्हटलं की उद्यापासून गाडी चालवू नका. तुम्ही तुमच्या वडिलांची गोष्ट काढलीत. उमरेडच्या घरातला हातमाग मला तुमच्याकडूनच माहीत होता. तो माग सोडून तुम्ही विशीत ट्रकवर गेलात, त्यावरून वडील वर्षभर तुमच्याशी बोलले नव्हते, तेही. ही गोष्ट मात्र नवी होती.

"माह्या बापाले शेवटी शेवटी धागा दिसे नाही," तुम्ही म्हणालात. "पण मागावरून उठे नाही. दुपारी तो जेवून झोपला का माय मागावर बसे. चुकलेले धागे काढे, अन् पुन्हा भरून ठेवे. बाप मरेपर्यंत सांगे लोकायले, माह्या हातचा काठ अजून सरळ येते. त्याले कोणी सांगतलं नाही, मॅडम. सुखानं मेला."

"ती साडी होती, भाऊ," मी म्हटलं. "ही गाडी आहे."

गाडी माझ्या गल्लीच्या तोंडाशी आली होती. मी उतरायला उठले तेव्हा तुम्ही म्हणालात, "घरी कोण आहे, मॅडम? सकाळी उठून कोणाले घ्याले जाऊ?"

वहिनी जाऊन तेव्हा चार वर्षं झाली होती. मुलगा पुण्याला. मी उतरले.

आता जे लिहिते ते तुम्हाला माहीत होतं की नाही, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी प्रिन्सिपल मॅडमकडे गेले आणि सांगितलं की माझी पाठ दुखते, गाडीची ड्यूटी काढा. तुमच्याबद्दल बोलायला गेले होते, तोंडातून पाठ निघाली. मी नसले की तुम्ही समजाल, स्वतःच सोडाल, असं मी मनात धरलं होतं. आणि मला सांगावं लागणार नाही. माझ्या जागी नवीन लागलेली एक मुलगी दिली. तिला गाडी लागायची, ती डोळे मिटून बसायची. हे मला पहिल्याच सकाळी कळलं. मी ऑटोने लवकर येऊन फाटकाजवळ उभी राहिले होते, गाडी येईपर्यंत. दुसऱ्या दिवशीही उभी राहिले. तिसऱ्या दिवशी गाडीला दहा मिनिटं उशीर झाला आणि त्या दहा मिनिटांत मी काय काय पाहिलं ते सांगत नाही. गाडी आली, मुलं उतरली, तुम्ही मला बघून हात केलात. पाचव्या दिवशी मी पुन्हा त्या केबिनमध्ये गेले आणि सगळं सांगितलं. सगळं म्हणजे, जवळजवळ. त्यांनी विचारलं, कधीपासून? मी म्हटलं, या महिन्यापासून.

बाई समजूतदार निघाल्या. माझं नाव काढलं नाही. तिन्ही ड्रायव्हरांचे डोळे मोठ्या दवाखान्यात तपासून आणायचे, असा कागद काढला. तुम्ही गेलात. त्या दिवशी तुमच्या गाडीवर बदली माणूस होता. दुपारी तुम्ही दवाखान्यातून थेट शाळेत आलात. मी फी भरायच्या खिडकीजवळ, केबिनच्या काचेबाहेर होते. तुम्ही आत गेलात, पिशवीतून फाईल काढली नाही, खिशातून चाबी काढली आणि टेबलावर ठेवली. त्यांनी काही विचारायच्या आत. मग बाहेर आलात, मला पाहिलंत आणि म्हणालात, "झालं, मॅडम. चाबी देऊन आलो." मी विचारलं, डॉक्टर काय म्हणाले. तुम्ही म्हणालात, काचबिंदू. जसं एखाद्या पाहुण्याचं नाव सांगावं तसं.

शाळेने तुम्हाला फाटकावर बसायची नोकरी देऊ केली होती. तुम्ही नाही म्हटलंत आणि उमरेडला गेलात.

मी पहिल्यांदा भेटायला आले तेव्हा तुम्ही अंगणात निंबाखाली बसला होतात. डाव्या डोळ्याची नजर गेली होती आणि उजव्याची नळीतून पाहिल्यासारखी उरली होती. तुम्ही मला बोट धरून घर दाखवलंत, जिथं माग होता तो खड्डा दाखवलात, आता तिथं गहू साठवायची कोठी होती. आणि बोलता बोलता, अगदी सहज, डॉक्टरांचं बोलणं सांगितलंत. "डॉक्टर म्हणे, वर्षभर आधी आले असते तं नजर तिथंच थांबवता आली असती. गेलेली येत नाही, पण राहिलेली राह्यली असती. आता काय करता."

एक वर्ष, भाऊ. दोन हिवाळे. पहिली सायकल मला दिसली तेव्हापासूनचं ते वर्ष. मी सांगितलं असतं तर तुमची नोकरी वर्षभर आधी गेली असती आणि डोळे राहिले असते. मी तुमची नोकरी वाचवत बसले. मला वाटत होतं, माझ्यामुळे तुमचं काहीतरी शिल्लक राहतंय. रोज सकाळी डाव्या सीटवर बसून मी तुमचे धागे भरून ठेवत होते आणि आत डोळा जात होता. त्या दिवशी तुम्ही चहा केलात, कप माझ्या हातात द्यायला गेलात आणि थोडा बाजूला धरलात. मी हात सरकवून घेतला. तुम्हाला कळलं नाही. तिथंही मी तेच केलं.

दुसऱ्यांदा आले ती गेल्या दिवाळीनंतर. तुम्ही खंगला होतात, पण आवाज तोच. मी निघाले तेव्हा फाटकापर्यंत आलात, भिंतीला हात लावत. बस यायची होती. तुम्ही रस्त्याकडे तोंड करून म्हणालात, "मॅडम, एक खरं सांगा. तुमची पाठ दुखत होती का तेव्हा?"

किती सोपं होतं. तुम्ही मला एकदा विचारलं होतं तसंच, समोर बघत, माझ्याकडे न बघता. सांगून टाकण्यासारखी वेळ होती. समोर कोणी नव्हतं. आणि मी म्हटलं, "हो, भाऊ. फार दुखत होती."

"मंग ठीक आहे जी," तुम्ही म्हणालात.

तुम्हाला कळलं होतं का? कळलं होतं म्हणून विचारलंत, की नव्हतं कळलं म्हणून? मी खोटं बोलले हे ऐकून तुम्ही सोडून दिलंत, की खरंच पटलं? त्या दिवशी बसमध्ये बसल्यापासून हेच चाललं आहे. माझी पाठ दुखत नव्हती. सांगणारी मीच होते, आणि त्याबद्दल मी तुमची माफी मागणार नाही. ती दुसरीतली मुलगी आता सहावीत आहे, रोज मधल्या सुट्टीत समोरून पळत जाते. मी उशीर केला, त्याची माफी मागायची होती. तुम्ही दार उघडून दिलं होतंत आणि मी आत आले नाही.

मुलाचा फोन आला तेव्हा मी तिसरीच्या वह्या तपासत होते. म्हणाला, सकाळी चहा घेतला, खाटेवर आडवे झाले, आणि नंतर उठलेच नाहीत. त्रास झाला नाही. मी बरं म्हटलं. दुसरं काय म्हणणार होते? अंत्यविधीला पोचता आलं नाही. तेरवीला आले.

तुमच्या अंगणात मांडव होता. मी बायकांमध्ये भिंतीला टेकून बसले. तुमच्या शेजारचे एक म्हातारे, जे अजून माग चालवतात, पुरुषांमध्ये बसून तुमच्याबद्दल सांगत होते. मी ऐकत होते. म्हणाले, "असा माणूस पाह्यला नाही गा. नजर थोडी कमी पडू लागली तं कोणी म्हणायच्या आधी स्वतःहून चाबी देऊन आला. पोरायचा जीव आहे म्हणे. लोकायले सुटत नाही गा, धरून बसतात. यानं टायमावर सोडली." चार-पाच माना हलल्या. तुम्ही गावात हीच गोष्ट सांगितली होती, तीन वर्षं. तुमचा मुलगाही तीच गोष्ट ऐकून मोठ्या अभिमानाने बसला होता. म्हणून मी वर कुठंही तुमचं नाव लिहिलेलं नाही, शाळेचंही नाही.

मुलाचं लक्ष माझ्याकडे गेलं. तो म्हणाला, "मॅडम होत्या ना बाबांसोबत शाळेत. हो ना मॅडम? स्वतःहून दिली ना त्यांनी?"

सगळे माझ्याकडे बघू लागले. मला इतका थकवा आला होता, भाऊ, की खरं काय आणि खोटं काय हे वेगळं करायची ताकद नव्हती. पण ते टेबल मला दिसलं, आणि तुमचा हात, आणि त्यांनी काही विचारायच्या आधी खाली ठेवलेली चाबी.

"हो," मी म्हटलं. "स्वतःहून दिली. मी तिथंच होते."